टाकीतल्या गोगलगाई, रस्सा आणि सासूबाई

"सर, आम्ही बेळगावातल्या शहापुरात राहतो, जुनं घर आहे. मुलगा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला. दीड वर्षामागं त्यानं माशांची टाकी आणून पडवीत ठेवली. काच साफ करतात म्हणून दुकानदारानं दोन पिवळ्या गोगलगाई दिल्या. आता लिंबाएवढ्या पिवळ्या वीस-पंचवीस झाल्यात. शिवाय चपट्या आणि टोकदार अशा बारक्या आहेत, त्या मोजताच येत नाहीत. झाकणाला आतून गुलाबीसर अंड्यांचे घोस लागतात. सासूबाई खानापूर तालुक्यातल्या. त्या म्हणतात, 'आम्ही लहानपणी भाताच्या शेतातल्या खाल्लोय की. टाकून कशाला देतीस? श्रावण लागायच्या आत एकदा रस्सा कर.' फ्रान्समधले लोक गोगलगाई खातात ते मोबाईलवर बघून मुलगा त्यांच्या बाजूला झालाय. मी नको म्हणत असतानाच गेल्या रविवारी त्यानं आणि त्याच्या मित्रानं गॅसवर जाळीवर भाजून दोन-दोन खाल्ल्या. वर 'मी खाल्लोय आणि मला काही झालं नाही' म्हणतो. मला झोप नाही. खायला चालतात का नाही ते स्पष्ट सांगा. आणि चालत नसतील तर एवढ्यांचं करू काय? मिस्टर म्हणतात, पिशवीत भरून किल्ला तलावात सोडून येतो."

— एक वाचक, शहापूर

ताई,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा हसू आलं. दुसऱ्यांदा 'गॅसवर जाळीवर भाजून' या शब्दांपाशी थांबलो. तुम्ही स्पष्ट विचारलंय, म्हणून स्पष्ट सांगतो. या टाकीतल्या गोगलगाई खाऊ नका, भाजून नको आणि रस्साही नको. मिस्टरांना सांगा, पिशवी तलावाकडं न्यायची नाही. कारणं पुढं येतात, पण आधी चिरंजीवांचं बघू.

अर्धीकच्ची गोगलगाय खाल्ली तर खरी धास्ती एका जंताची. अँजिओस्ट्राँगायलस कँटोनेन्सिस हे त्याचं भारदस्त नाव. आपण उंदराच्या फुफ्फुसातला जंत म्हणू. उंदीर-घुशींच्या फुफ्फुसाकडं जाणाऱ्या रक्तवाहिन्यांत तो मोठा होतो. त्याच्या बारीक अळ्या लेंड्यांतून बाहेर पडतात, लेंड्यांवर चरणाऱ्या गोगलगाईच्या अंगात वाढतात, आणि ती गोगलगाय उंदरानं खाल्ली की फेरा पुरा होतो. यात माणसाला जागाच नाही. माणूस मध्ये घुसला तर अळ्या त्याच्या मेंदूच्या आवरणापर्यंत जातात, पण पुढचा रस्ता त्यांना सापडत नाही. तिथंच अडकून मरतात आणि मरताना आवरणाला सूज आणतात. हा जंत १९३५ साली चीनमधल्या कँटन शहरातल्या उंदरांत सापडला. माणसात तो पहिल्यांदा दिसला १९४५ साली, तैवानमध्ये. २००६ साली बीजिंगमध्ये हॉटेलातल्या अर्ध्याकच्च्या गोगलगाई खाऊन शंभराहून जास्त लोक आजारी पडले. त्या गोगलगाई तुमच्या पिवळ्या गोगलगाईच्या सख्ख्या भावकीतल्या होत्या, पोमॅसिया या कुळातल्या. हे सगळं चीन-तैवानमध्येच घडतं असं समजू नका. केरळात घोरपडीचं कच्चं मांस खाऊन याच जंतानं आजारी पडलेल्यांच्या नोंदी आहेत. घोरपड गोगलगाई खाते, तिच्यातून तो माणसात आला.

आता घाबरलात ना? थोडं खाली या. तुमच्या मुलाला हे झालं असण्याचा संभव कमी आहे. टाकीत जन्मलेल्या गोगलगाईला उंदराच्या लेंडीशी गाठ पडल्याशिवाय हा जंत मिळत नाही. दिवाणखान्यातली बंद टाकी असती तर मी दोन ओळींत विषय संपवला असता. पण तुम्ही 'जुनं घर' आणि 'पडवी' लिहिलंत. शहापूर-वडगावच्या जुन्या घरांची पडवी मी बघितली आहे, पावसाळ्यात घुशींचा हमरस्ता असतो तो. टाकीचं झाकण रात्री उघडं राहत असेल तर संभव शून्य म्हणवत नाही.

म्हणून त्या रविवारपासून साधारण महिनाभर लक्ष ठेवा. लक्षणं बहुतेकदा एक ते तीन आठवड्यांत दिसतात. नेहमीच्या गोळीला न जुमानणारी डोकेदुखी, मान आखडणं, उलट्या, अंगावर कुठंतरी मुंग्या आल्यासारखं किंवा कपडा लागला तरी चटका बसल्यासारखं वाटणं, सोबत थोडा ताप. यातलं काही झालं तर त्याच दिवशी डॉक्टरांकडं जा आणि आत शिरल्या शिरल्या सांगा की यानं अमुक तारखेला गोगलगाय खाल्ली होती. हे एक वाक्य तुम्ही सांगितलं नाही तर कुठल्याही डॉक्टरला ते सुचायचं नाही. आपल्या भागात हे कोण विचारतंय? आणि काळजीपोटी घरात असलेली जंताची गोळी आत्ताच त्याला देऊ नका. अळ्या मेंदूपाशी असताना एकदम मेल्या तर सूज वाढू शकते. कधी द्यायची, कशासोबत द्यायची, ते डॉक्टर ठरवतील. काहीच झालं नाही, आणि बहुधा होणार नाही, तर उपचारही नको.

अजून एक अवघड काम आहे. मित्राच्या आईला फोन करा. तुमच्या मुलाला ते आवडणार नाही, पण त्या बाईंना काही माहीतच नसेल तर त्या डोकेदुखीवर नुसता बाम चोळत बसतील.

'मी खाल्लोय आणि मला काही झालं नाही' याच्यावर फार बोलत नाही. चार दिवसांत हे बोलणारा मुलगा आणि तीन आठवड्यांनी येणारी लक्षणं, हिशेब तोच घालू दे. इंजिनिअरिंगला आहे.

आता सासूबाई. त्या खोटं बोलत नाहीत. शेतातल्या गोगलगाई खाणं ही काही जगावेगळी गोष्ट नाही. मिथिलेत 'डोका' म्हणून खातात, बंगालात 'गुगली', मणिपुरात 'थारोई'. आपल्या शेजारी गोव्यात पावसाळ्यात रानातून 'कोंगे' वेचणारी घरं आहेत. खानापूरच्या भातखाचरांत सासूबाईंना मिळायची ती बहुधा पायला. तिची माझी जुनी ओळख आहे. बी.एस्सी.च्या प्राणीशास्त्राच्या पोरांना मी वर्षानुवर्षं पायलाचं डिसेक्शन शिकवलं. मेणाच्या ताटात तिला टाचण्यांनी ताणून बसवायचं आणि मज्जासंस्थेचे दोरे न तोडता मोकळे करायचे. निम्म्या पोरांचे दोरे तुटायचे. मग शेजारच्याच्या ताटात डोकावून आकृती काढायची. मोठी चिवट बाई आहे ही पायला. अंगात कल्ला आहे आणि फुफ्फुसही आहे. उन्हाळ्यात खाचर सुकलं की चिखलात उतरते, तोंडावरचं झाकण घट्ट लावते आणि पाऊस पडेपर्यंत निजून राहते. रोहिणी-मृग बरसले की एकदम सगळीकडं दिसायला लागतात त्या अशा.

सासूबाईंना एकदा निवांत विचारा, त्यांची आई ती कशी शिजवायची. माझी खात्री आहे, उत्तरात 'रात्रभर पाण्यात ठेवायची', 'पाणी बदलायचं', 'उकळायची' आणि 'मागची घाण काढून टाकायची' हे असणार. कच्ची किंवा नुसती शेकून कुणी खात नव्हतं. तिसऱ्या-खुबे या शिंपल्यांना जसे नियम असतात तसे तिलाही होते. तुमच्या चिरंजीवांनी खाणं तेवढं उचललं, नियम मोबाईलमध्ये दिसले नाहीत. आणि जाळीवर भाजण्यात मोठी फसगत असते. शंख बाहेरून काळा होतो, वास सुटतो, आत गुंडाळीच्या टोकाला मांस कोमटच राहतं.

मग सासूबाईंच्या पद्धतीनं चांगली उकळली तर? हा प्रश्न तुमच्या मनात आलाच असेल, आणि खरी गंमत इथं आहे.

उकळल्यानं जंत मरतात. शंका नाही. पाणी खळखळायला लागल्यावर किमान तीन ते पाच मिनिटं उकळा असं सांगतात. मी आपल्या सवयीनं दहा म्हणेन, आणि कुकर असेल तर प्रश्नच मिटला. लिंबू, आमसूल, व्हिनेगर, ब्याडगीची कितीही लाल चटणी, यातल्या कशानंही अळी मरत नाही. फक्त उष्णतेनं मरते, नाहीतर फ्रीझरमध्ये पक्की गोठवून.

पण तांबं उकळून मरत नाही. मॅलाकाइट ग्रीनही मरत नाही. शिसंही नाही.

टाकीच्या शेजारच्या फळीवर काय काय बाटल्या आहेत ते एकदा बघा. निळं औषध असेल, ते मेथिलीन ब्लू. हिरवे थेंब असतील, त्यात बहुधा मॅलाकाइट ग्रीन, कधी फॉर्मेलिन. माशांच्या अंगावर पांढरे ठिपके आले की दुकानदार हेच देतो, नाहीतर तांब्याचं औषध देतो. पिवळसर पूड असेल तर ती बहुतेक अँटिबायोटिकची. हौसेच्या माशांना ही औषधं चालतात, कारण ते मासे कुणी खाणार नसतं. खाण्याच्या माशांवर मॅलाकाइट ग्रीन वापरायला कित्येक देशांत बंदी आहे. ते माशाच्या शरीरात रूप बदलून चरबीत दडून बसतं आणि लवकर निघत नाही, हे त्याचं कारण. तुमच्या माहेरी गाई-म्हशी असतील तर तुम्हाला हे पटकन समजेल. जनावराला इंजेक्शन दिलं की डॉक्टर बजावतो, इतके दिवस दूध डेअरीला घालू नका. टाकीतल्या औषधाच्या बाटलीवर तसा एकही आकडा नसतो. कारण ही चीज कुणी ताटात घेईल असं बनवणाऱ्याच्या स्वप्नातही नाही.

गोगलगाय आणि तांबं यांचं तर जुनं नातं. आपलं रक्त लोहामुळं लाल. पायलासारख्या गोगलगाईचं रक्त तांब्यामुळं निळसर. आणि तरी तांबं जरा जास्त झालं की ती मरते. मी हे माझ्याच टाकीत भोगलंय. माशांच्या ठिपक्यांवर तांब्याचं औषध घातलं, सकाळी सगळ्या गोगलगाई वाळूवर उताण्या. दुपारपर्यंत अशी दुर्गंधी की बायकोनं टाकीसकट मला गॅलरीत काढलं. जास्त तांब्यानं मरते, हे तरी कळतं. थोड्या तांब्यात जी जगते ती ते अंगात साठवत बसते, आणि तिच्याकडं बघून तुम्हाला ते कळत नाही. जड धातू साठवण्यात हा प्राणी पटाईत आहे. पाण्यातली रोपटी विकत आणलीत तेव्हा त्यांच्या बुडाला राखाडी, मऊ पट्टी गुंडाळलेली होती का? रोप तळाशी राहावं म्हणून लावतात, आणि ती पुष्कळदा शिशाची असते. ती काढली होती का, मुलाला विचारा. नसेल काढली तर दीड वर्षं ती त्याच पाण्यात आहे. वर रंगीत खडे, माशांचं खाद्य आणि मेलेले मासे, यांवरच या गोगलगाई पोसल्यात.

म्हणजे गोगलगाय खाद्य आहे का, हा प्रश्नच थोडा चुकीच्या दारावर टकटक करतोय. ती कुठं वाढली आणि काय खाऊन वाढली, ते विचारायला हवं. फ्रान्समधली जी गोगलगाय मुलगा बघतो ती जमिनीवरची, हेलिक्स जातीची. ती खाण्यासाठीच पाळतात, मारण्याआधी काही दिवस उपाशी ठेवून पोट साफ होऊ देतात, मग उकळून, लोण्यात लसूण घालून वाढतात. तुमची पिवळी गोगलगाय शोभेची आहे. आपल्या देशात शोभेच्या माशांचा मोठा व्यापार कोलकात्यातून आणि चेन्नईच्या कोळत्तूरमधून चालतो. वाटेत कुठल्या टाकीत तिला काय काय पाजलं, याची नोंद कुणी ठेवत नाही. ठेवायचं कारणही नाही.

तुमच्याकडं तीन जातींची मंडळी दिसतात, तेवढं ओळखून ठेवा. पिवळ्या लिंबाएवढ्या त्या 'मिस्ट्री स्नेल'. तोंडाला झाकण असतं, आणि पाण्यात बसल्या बसल्या हत्तीच्या सोंडेसारखी नळी वर काढून हवा घेतात. त्या एकदा तरी मुलाबरोबर बसून बघा, मजा येते. गुलाबीसर घोस त्यांचेच. चपट्या, मेंढ्याच्या शिंगासारख्या वळलेल्या त्या रॅम्सहॉर्न. टोकदार, दिवसा वाळूत दडणाऱ्या त्या ट्रम्पेट, त्या अंडी न घालता थेट पिल्लं देतात. या दोन्ही बहुधा रोपट्यांबरोबर फुकट आल्या. या बारक्या तर खाण्याच्या विचारातही नकोत. त्यांच्यात मांस नाही, आणि चपट्या कृमींच्या कित्येक जातींचं लहानपण अशाच गोगलगाईंच्या पोटात जातं. धनगराला विचारा, मेंढीच्या काळजातला लिव्हर फ्लूक कुठून येतो. पाणथळ कुरणातल्या गोगलगाईतूनच तो येतो. या कृमींना खाण्याचीही गरज पडत नाही. रत्नागिरी जिल्ह्यात गिमवी नावाचं गाव आहे. तिथं लघवीतून रक्त जाण्याचा आजार १९५२ साली गाडगीळ आणि शाह यांनी नोंदवला. मूळ निघालं नदीतली टोपीसारखी इवलीशी गोगलगाय. तिच्यातून निघालेल्या अळ्या पाण्यात उतरलेल्या माणसाच्या कातडीतून थेट आत शिरायच्या. तुमच्या टाकीत हे होणार नाही, त्या चक्राला लागणारं काहीच तिथं नाही. सांगितलं एवढ्यासाठी की 'गोगलगाय नि पोटात पाय' ही म्हण आपल्या लोकांनी माणसांवर केली असली तरी प्राण्याला जास्त शोभते.

(त्यावरून आठवलं. आपण गोगल'गाय' म्हणतो, आणि कन्नडमध्ये हिला बसवन हुळू म्हणतात, म्हणजे नंदीचा किडा. दोन्ही भाषांना तिची शिंगंच आधी दिसली. सीमाभागात एवढं तरी एकमत आहे.)

अंड्यांचा घोस कुणी चाखून बघायला जाऊ नये. पिवळीच्या भावकीतली जी सोनेरी, भातखाऊ गोगलगाय आहे, तिच्या गुलाबी अंड्यांत मज्जासंस्थेवर चालणारं विष असतं. म्हणूनच ती उघड्यावर, झगझगीत रंगात अंडी घालते आणि तरी ती फारसं कुणी खात नाही. दुकानातून कुठली आली याची पक्की हमी कोण देणार? काढताना घोस हातानं कुस्करू नका, जुन्या एटीएम कार्डानं खरवडा.

तुमच्या घरात कुणाला दमा किंवा धुळीची ॲलर्जी आहे का, हे पत्रात नाही. असेल तर हे ध्यानात ठेवा. धुळीतल्या किड्यांची ज्यांना ॲलर्जी असते त्यांच्यातल्या काहींना गोगलगाय खाल्ल्यावर दम्याचा जोराचा झटका येतो, मग ती कितीही स्वच्छ, कितीही शिजलेली असो. कोळंबी-कुर्ल्या सोसत नाहीत त्यांनीही लांब राहावं.

आता समजा, एखादा हट्टीच असला तर? त्यानं औषधाचा थेंब न पडलेली वेगळी टाकी घ्यावी, अंड्यातून निघालेली पिल्लं तिच्यात पालक-काकडीवर मोठी करावीत, टाकीवर जाळी पक्की ठेवावी, शेवटी दोन-तीन दिवस उपाशी ठेवून रोज पाणी बदलावं, मेलेली एकही न घेता जिवंत तेवढ्याच उकळाव्यात, आतडी काढून पुन्हा शिजवाव्यात. होतं. पण एका पिवळ्या गोगलगाईतून निघणारं मांस सुपारीएवढं. चार माणसांच्या रश्श्याला माझ्या अंदाजानं पन्नास-साठ तरी लागतील. तुमच्या वीस-पंचवीसांत सासूबाईंचं एकटीचं ताट होईल, आणि चव विचाराल तर ती मसाल्याचीच. १९८०च्या सुमाराला तैवानच्या लोकांनी असाच हिशेब घातला होता. दक्षिण अमेरिकेतून सोनेरी गोगलगाय आणली, खाऊ आणि विकू म्हणून. चव कुणाला रुचली नाही. माल पडून राहिला, गोगलगाई ओढ्यांत गेल्या. तिथून फिलिपिन्स, व्हिएतनाम असं करत तिनं आशियाची भातशेती खाल्ली. कोवळी रोपं बुडाशी कापते, लावणी केलेलं खाचर रात्रीत विरळ होतं.

म्हणून तलावाला नाही म्हणालो. मिस्टरांना वाटत असेल, सोडणं म्हणजे जीवदान. आज किल्ला तलावात टाकलेली पिशवी उद्या नाल्यानं कुठं जाईल, सांगता येत नाही. आपला भाग भाताचा आहे. मार्कंडेयेच्या काठानं आणि मलप्रभेच्या उगमाकडं, कणकुंबी-जांबोटीपर्यंत खाचरंच खाचरं. शंखी गोगलगाय काय करते ते २०२२च्या पावसाळ्यात लातूर-बीडकडच्या सोयाबीनवाल्यांनी बघितलं. ती आफ्रिकेतली. १८४७ साली विल्यम बेन्सन नावाच्या एका हौशी इंग्रजानं मॉरिशसहून आणून कोलकात्याच्या बागेत सोडली होती. त्यानंही जीवदानच दिलं असणार.

आणि सासूबाईंनी 'मग शेतातल्याच आणू' म्हटलं, तर त्यालाही माझं नाहीच, अगदी हळू आवाजात. त्यांच्या लहानपणीचं खाचर आता राहिलं नाही. तणनाशक, दाणेदार कीटकनाशक आणि गोगलगाईंसाठीच टाकलेलं मेटाल्डिहाइडचं आमिष, सगळं त्याच पाण्यात उतरतं.

आता टाकीतल्या गर्दीचं. पिवळ्यांतल्या चांगल्या चार-सहा मुलाच्या टाकीवाल्या मित्रांना द्या, दुकानदारही घेईल. बाकीच्या डब्यात भरून झाकण लावून दोन दिवस फ्रीझरमध्ये ठेवा, त्यातल्या त्यात त्यांना त्रास कमी. नंतर नारळाच्या नाहीतर कढीपत्त्याच्या बुडाशी जरा खोल पुरा, म्हणजे घुशी उकरणार नाहीत. शंखातला चुना झाडाला मिळेल. बारक्यांसाठी रात्री काकडीचा जाड काप टाकीत सोडा. सकाळी त्यावर थवा बसलेला असतो, कापासकट उचला. आठ दिवस केलंत तर फरक दिसेल. झाकण दर दोन दिवसांनी बघत जा आणि घोस ओला असतानाच काढा, दोन-तीन आठवड्यांत पिल्लं बाहेर पडतात. गोगलगाई मारायचं औषध घालू नका. सगळ्या एकदम मेल्या की पाणी सडतं आणि मासेही जातात, माझ्यासारखे गॅलरीत बसाल.

मूळ दुखणं मात्र खाद्याचं आहे. एवढी पिलावळ म्हणजे मुलगा येता-जाता चिमूट टाकतो. मासे दोन मिनिटांत संपवतील तेवढंच, दिवसातून एकदा. गोगलगाई वाढतात त्या उरलेल्यावर.

टाकी पडवीतून आत घ्या, नाहीतर जाळीचं झाकण करा. तिची नळी, स्पंज, वाळू स्वयंपाकघरातल्या सिंकमध्ये धुवायची नाही. मोरीत किंवा मागच्या दारी धुवा, नंतर साबणानं हात. हाताला जखम असेल तर मोजे घाला, कारण टाकीच्या पाण्यातून बोटावर महिनोन्महिने न भरणारी गाठ येऊ शकते, आणि ती कुठून आली ते कळायलाच वेळ जातो. पाणी काढायला मुलगा नळी तोंडानं ओढत असेल तर ते आजपासून बंद. मीही तरुणपणी ओढायचो. दोनदा घोट गिळलाय, चव अजून आठवते.

पावसाळ्यातली मेथी, लाल भाजी, कोथिंबीर घेता तेव्हा पानं सुटी करून दोन-तीन पाण्यांतून काढा. बारकी गोगलगाय पानाच्या देठापाशी चिकटून येते, आणि जंत तिच्यातूनही येऊ शकतो. खाचरातल्या कुर्ल्या आणल्यात तरी त्याही खळखळून शिजवा. त्यांच्यातून फुफ्फुसात जाणारा वेगळा कृमी आहे, मणिपुरात त्याचे रुग्ण सापडतात.

राहता राहिला सासूबाईंचा मसाला, तो त्यांनी वाटूनच ठेवला असेल. श्रावणाला अजून एक रविवार आहे. मासळी बाजारात सकाळी लवकर जा, गोव्याकडच्या नाहीतर कारवारच्या तिसऱ्या मिळाल्या तर बघा. तोंड उघडून पडलेल्या, टिचकी मारली तरी न मिटणाऱ्या बाजूला काढा, बाकीच्या मिठाच्या पाण्यात दोन तास ठेवा. रस्सा सासूबाईंनाच करू दे. आणि चिरंजीवांना त्या दिवशी तिसऱ्या धुवायला बसवा.